नोंदवहीबाहेरचा खेळाडू

बुलढाणा जिल्ह्यातल्या मनुष्याला गाव विचारले, म्हणजे पुढचा प्रश्न ठरलेलाच असतो: घाटावरचे, की घाटाखालचे? अजिंठ्याच्या डोंगररांगेने या मुलखाचे दोन भाग असे केले आहेत, की वर बुलढाणा, चिखली, मेहकर, लोणार, देऊळगाव राजा आणि जिजाऊंचे सिंदखेड राजा यावे, आणि खाली पूर्णेच्या खोऱ्यातली काळी जमीन, खामगावची कापूसपेठ, शेगावचे देवस्थान व मलकापूर-नांदुऱ्यावरून जाणारा मुंबई-नागपूर लोहमार्ग यावा. जिल्ह्याचे मुख्य ठाणे मात्र घाटावर, आणि तेथे आगगाडी आजतागायत पोहोचलेली नाही. खेळाविषयीच्या लेखाला भूगोलाची ही प्रस्तावना कशाला, असे कोणी म्हणेल. परंतु खेळाडू कोठे जन्मतो यापेक्षा तो कोणाच्या दृष्टीस पडतो यावरच त्याचे पुढचे आयुष्य बव्हंशी ठरत असल्यामुळे, आणि दृष्टीस पडणे ही गोष्ट सडका, लोहमार्ग आणि मुख्य ठाण्यापासूनचे अंतर यांच्याशी निगडित असल्यामुळे, आरंभ येथूनच करणे प्राप्त आहे.

या जिल्ह्यातल्या कोणत्याही तालुक्याच्या गावी, उजाडण्यापूर्वी गावाबाहेरच्या डांबरी सडकेवर गेल्यास, पाच-सहांच्या टोळक्यांनी धावणारी तरुण मुले हटकून दृष्टीस पडतात. गावकरी त्यांना खेळाडू म्हणत नाहीत; ती ‘भरतीवाली पोरं’ असतात. पोलीस शिपायाच्या भरतीत पुरुष उमेदवाराची शारीरिक चाचणी ५० गुणांची असते आणि ते गुण १६०० मीटर धावणे, १०० मीटर धावणे व गोळाफेक या तीन प्रकारांत वाटलेले असतात. तेव्हा ही मुले त्या तीन गोष्टी, आणि त्या तीनच गोष्टी, मनोभावे करीत राहतात. त्यांच्या धावण्याचे लक्ष्य पदक नसून हजेरीपटावरील नाव हे असते, आणि कोरडवाहू शेतीच्या मुलखात ज्याला महिन्याच्या महिन्याला पगार मिळतो त्या मनुष्याची पत काय असते हे ज्याला ठाऊक आहे, तो त्यांना नावे ठेवणार नाही. शिवाय याच मार्गाने मोठा खेळाडू निर्माण झाल्याचा दाखलाही समोर आहे. बीड जिल्ह्यातील मांडव्याचा अविनाश साबळे बारावीनंतर महार रेजिमेंटमध्ये शिपाई म्हणून भरती झाला. धावणे हा आपला पेशा होईल याची त्या वेळी त्याला कल्पनाही नसावी. पुढे २०२२ साली बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ३००० मीटर अडथळ्यांच्या शर्यतीत, जी शर्यत केनियाच्या धावकांची जणू वंशपरंपरागत इनामदारी होऊन बसली होती, त्याने ८ मिनिटे ११.२० सेकंदांत रौप्यपदक पटकावले, आणि पुढच्याच वर्षी हांगझोच्या आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक मिळवले.

साबळेला सैन्याने घेतले. प्रश्न उरतो तो अशा मुलाचा, की ज्याच्या अंगी असामान्य गुण आहे, परंतु ज्याला सैन्याने नाकारले, पोलिसांनी नाकारले, आणि ज्याचे नाव कोणत्याही क्लबाच्या, संघाच्या वा संघटनेच्या दप्तरात कधी चढलेलेच नाही. अशा मुलाला पुढे जाण्यास वाट कोणती?

अमेरिकेत या प्रश्नाचे एक रूढ उत्तर आहे. तिकडे ज्याला फुटबॉल म्हणतात तो आपला पायांनी खेळायचा फुटबॉल नव्हे. लंबगोल चेंडू हातांत घेऊन, अंगावर जाडजूड कवच चढवून, प्रतिपक्षाला प्रत्यक्ष अंगाने अडवून पाडीत पुढे सरकण्याचा तो खेळ आहे, आणि त्याचे व्यावसायिक संघ आपले बहुतेक सारे खेळाडू विद्यापीठांतून उचलतात. विद्यापीठे ठिकठिकाणच्या शाळांत माणसे पाठवून चांगली मुले हेरतात आणि त्यांना पूर्ण शिष्यवृत्ती देऊन आमंत्रण धाडतात. वरच्या श्रेणीतील विद्यापीठाला अशा शिष्यवृत्त्यांची मर्यादा पुष्कळ वर्षे ८५ ठरवून दिलेली होती. आमंत्रण न आलेल्या विद्यार्थ्यालाही मात्र संघाच्या सरावाला येऊन आपला गुण दाखविण्याची मुभा असते. असा खेळाडू ‘वॉक-ऑन’ म्हणून ओळखला जातो. तो शिक्षणाचा खर्च स्वतः सोसतो, मुख्य खेळाडूंच्या सरावासाठी आठवडाभर प्रतिस्पर्ध्यांची सोंगे घेतो, अंगावर मार घेतो, आणि शनिवारी सामन्याच्या वेळी पुष्कळदा नुसता बाकावर बसून राहतो. आपल्याकडे जुन्या अमदानीत मामलेदार कचेरीत बिनपगारी उमेदवारी करणारे तरुण असत. जागा रिकामी होईल, साहेबाची नजर पडेल, या आशेवर ते वर्षानुवर्षे दप्तरे लिहीत बसत. या खेळाडूंची अवस्था त्याहून फारशी निराळी नाही.

यांपैकी बहुतेकांची नावे कोणाला कळत नाहीत. परंतु जे. जे. वॉट नावाचा एक तरुण २००७ साली सेंट्रल मिशिगन विद्यापीठात शिष्यवृत्तीवर खेळत असता, आपल्याला तेथे योग्य जागी खेळवले जात नाही असे वाटून ती शिष्यवृत्ती सोडून घरी परतला, काही काळ घरोघर पिझ्झा पोहोचवीत हिंडला, आणि मग विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या संघात आमंत्रणावाचून दाखल झाला. २०११ साली व्यावसायिक संघांच्या वार्षिक निवडीत ह्यूस्टनच्या संघाने त्याला पहिल्याच फेरीत अकराव्या क्रमांकावर घेतले, आणि पुढे २०१२, २०१४ व २०१५ अशी तीन वर्षे तो त्या खेळातला सर्वोत्कृष्ट बचावपटू ठरला. बेकर मेफिल्डची कथा त्याहून नवलाची: एकामागून एक दोन विद्यापीठांत तो बिनआमंत्रणाचा खेळाडू म्हणून शिरला, २०१७ सालचा सर्वोत्कृष्ट विद्यापीठीय खेळाडू ठरला, आणि २०१८ च्या निवडीत साऱ्या देशातून पहिल्या क्रमांकाने घेतला गेला. अमेरिकेची ही व्यवस्था फार उदार आहे असे म्हणण्याचे कारण नाही, कारण विद्यापीठाला त्यात फुकटची माणसे मिळतात. परंतु मागच्या बाजूचे एक दार तेथे उघडे असते, एवढे खरे.

आपल्याकडे हे मागचे दार असते काय, हे पाहावयाचे तर विदर्भातलेच एक उदाहरण आहे, आणि ते सर्वांच्या परिचयाचे असूनही त्यातला मर्म सांगणारा भाग सहसा वगळला जातो. नागपूरजवळ खापरखेड्याच्या परिसरात कोळशाच्या खाणी आहेत. तेथील वलनी खाणीत काम करणाऱ्या एका कामगाराचा मुलगा, २५ ऑक्टोबर १९८७ रोजी जन्मलेला उमेश यादव, वस्तीतल्या मोकळ्या जागेत टेनिसच्या चेंडूने गोलंदाजी करीत वाढला. कुटुंब मूळचे उत्तर प्रदेशातले. पोटापाण्यासाठी इकडे आलेले. मुलाने सरकारी नोकरी धरावी ही वडिलांची इच्छा, आणि मुलाचीही तीच. त्याने सैन्यासाठी प्रयत्न केला. ते साधले नाही. पोलीस शिपायाच्या भरतीत उतरला. तीही संधी थोडक्यात हुकली. घाटावरच्या आणि घाटाखालच्या सडकांवर पहाटे धावणाऱ्या शेकडो पोरांपेक्षा त्याची कथा इथपर्यंत तिळमात्र वेगळी नाही.

यानंतर त्याने महाविद्यालयाच्या क्रिकेट संघात शिरकाव करण्याचे ठरविले, आणि तेथे त्याला नकार मिळाला. नकाराचे कारण गोलंदाजी मंद आहे, दिशा चुकते, शिस्त नाही, यांपैकी काही नव्हते. तो तोवर कोणत्याही क्लबकडून खेळलेला नाही, हे कारण होते. हा नकार देणाऱ्यांना दोष देणे सोपे आहे, पण ते फारसे न्याय्य होणार नाही, कारण त्यांनी रिवाजाप्रमाणेच वर्तन केले: संघात यावयाचे तर पूर्वी कोठेतरी खेळल्याचा दाखला पाहिजे, आणि दाखला पाहिजे तर पूर्वी कोणीतरी संघात घेतलेले पाहिजे. अमेरिकेतला वॉट ज्या दारातून आत गेला, नेमके त्याच दारावर या मुलाला अडविण्यात आले. तेव्हा तो विदर्भ जिमखान्यात गेला. हा क्लब विदर्भ क्रिकेट संघटनेशी संलग्न होता. तेथे नाव घातले आणि २००७ साली, वयाच्या विसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर, त्याने प्रथमच चामड्याचा चेंडू, ज्याला विदर्भात सर्रास ‘सीझन बॉल’ म्हणतात तो, नियमितपणे हातात घेतला. ज्या वयात मुंबई-पुण्याचा होतकरू गोलंदाज सोळा वर्षांखालील, एकोणीस वर्षांखालील अशा सर्व पायऱ्या चढून मोकळा झालेला असतो, त्या वयात हा मुलगा शिवणीवर बोटे कशी ठेवावीत हे शिकत होता.

त्याच्यापाशी एक गोष्ट मात्र उपजत होती, आणि ती शिकवून येत नाही: वेग. विदर्भाचे तत्कालीन कर्णधार प्रीतम गंधे यांच्या नजरेला तो वेग पडला. गंधे स्वतः फिरकी गोलंदाज. परंतु आपल्या संघाला काय कमी आहे हे कर्णधाराला समजते. त्यांनी त्याची बाजू उचलून धरली, एअर इंडियाच्या संघातून वीस षटकांच्या स्पर्धेत खेळण्याची सोय लावून दिली, आणि क्लब क्रिकेटची जेमतेम ओळख झालेल्या या तरुणाचे नाव रणजी करंडकाच्या संघात आणले. नोव्हेंबर २००८ मध्ये मध्य प्रदेशाविरुद्ध तो पहिला प्रथमश्रेणी सामना खेळला. त्या हंगामातल्या चार सामन्यांत त्याने २० बळी घेतले आणि त्यांची सरासरी १४.६० धावांची होती. क्रिकेटच्या आकड्यांशी ज्याचा परिचय नाही अशा वाचकाला एवढेच सांगावे, की सरासरी २५ च्या खाली राखणारा वेगवान गोलंदाज आपल्या खेळपट्ट्यांवर उत्तम समजला जातो.

यापुढचा भाग भराभर घडला आणि भराभरच सांगता येईल. दुलीप करंडकाच्या सामन्यात त्याने राहुल द्रविड आणि व्ही. व्ही. एस. लक्ष्मण या दोघांनाही बाद केले. २०१० साली दिल्लीच्या आयपीएल संघाने त्याला घेतले. त्याच वर्षीच्या मे महिन्यात झिम्बाब्वेविरुद्ध तो पहिला एकदिवसीय आंतरराष्ट्रीय सामना खेळला, आणि नोव्हेंबर २०११ मध्ये दिल्लीच्या मैदानावर वेस्ट इंडिजविरुद्ध कसोटी संघात उतरला. विदर्भाच्या संघातून कसोटी क्रिकेटपर्यंत पोहोचलेला तो पहिला खेळाडू होय. नागपूरला क्रिकेट नवे होते असे नाही. भारताचे पहिले कसोटी कर्णधार सी. के. नायडू यांचा जन्म नागपूरचाच. परंतु त्यांच्या कर्तृत्वाचा उत्तरार्ध इंदूरच्या होळकरांच्या आश्रयाने बहरला, आणि १९५७-५८ पासून रणजी करंडक खेळणाऱ्या विदर्भाला आपला कसोटीपटू पाहण्यासाठी अर्धशतकाहून अधिक काळ थांबावे लागले. जानेवारी २०१२ मध्ये पर्थला ऑस्ट्रेलियाच्या सलामीच्या जोडीने २१४ धावा केल्यानंतर ९३ धावांत पाच बळी घेणारा हाच. २०१५ च्या विश्वचषकात १८ बळी घेऊन भारताचा सर्वांत यशस्वी गोलंदाज ठरलेलाही हाच. ५७ कसोटींत १७० बळी हा हिशेब एखाद्या अकादमीत वाढलेल्या खेळाडूलाही भूषणावह ठरावा.

२०१७ साली रिझर्व्ह बँकेने नागपूरच्या कार्यालयात सहायक व्यवस्थापक म्हणून त्याची नेमणूक केली, आणि जी सरकारी नोकरी शिपायाच्या पायरीवरून मागितली असता मिळाली नव्हती ती अधिकाऱ्याच्या पायरीवरून आपण होऊन चालत आली. वडिलांच्या दृष्टीने या दोन यशांपैकी अधिक मोठे कोणते, हा प्रश्न खाणकामगारांच्या वस्तीत विचारला असता तर उत्तर क्रिकेटच्या बाजूने गेलेच असते अशी खात्री देता येत नाही.

या साऱ्या कथेत एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. उमेशचा गुण कोणी पाहिला नव्हता असे म्हणणे चुकीचे ठरेल. टेनिसच्या चेंडूने त्याला खेळलेल्या प्रत्येक फलंदाजाने तो पाहिला होता. पाहिला नव्हता तो नोंदवहीने. मैदान आणि नोंदवही यांच्यामध्ये एक मनुष्य उभा असावा लागतो, ज्याच्या शब्दाला दोन्हीकडे किंमत आहे. आणि आपल्या व्यवस्थेत हा मनुष्य नेमणुकीचा नसून नशिबाचा असतो. गंधे यांच्यासारखा कर्णधार भेटला, तर वाट उघडली. त्यातही खापरखेडा नागपूरच्या अगदी शेजारी. जिमखान्यात रोज जाता-येता येण्याजोगे. तोच वेग जर लोणारच्या किंवा संग्रामपूरच्या एखाद्या मुलाच्या खांद्यात असता, तर विदर्भाच्या अकराही जिल्ह्यांचे क्रिकेट जेथून चालते ते नागपूर त्याच्यापासून शेकडो किलोमीटर दूर पडले असते, आणि एवढ्या अंतरावर शिफारसही क्षीण होत जाते.

नोंदवहीचे हे महत्त्व केवळ संघनिवडीपुरते नाही. महाराष्ट्रात शासकीय नोकऱ्यांमध्ये खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे, शालान्त परीक्षेत खेळाचे वाढीव गुण आहेत, आणि या दोहोंसाठी प्रमाणपत्र लागते, त्या प्रमाणपत्राची पडताळणी लागते, पडताळणीचा अहवाल लागतो. हेतू चांगला आहे. परंतु परिणाम असा झाला आहे की पुष्कळ घरांत खेळाचा विचार प्रमाणपत्रापासून सुरू होऊन प्रमाणपत्राशीच संपतो. बनावट क्रीडा प्रमाणपत्रांची प्रकरणे राज्यात मध्यंतरी गाजली ती उगीच नव्हे. जेथे खेळण्यापेक्षा खेळल्याचा कागद मोलाचा ठरतो, तेथे कागद तयार करणारे निघणारच.

आता आपला पायांनी खेळायचा फुटबॉल. बुलढाणा जिल्ह्यात व्यावसायिक फुटबॉल संघ नाही, आणि नजीकच्या काळात होईल अशी चिन्हेही नाहीत. शालेय पातळीवर सुब्रतो मुखर्जी करंडकाच्या निमित्ताने जिल्ह्याजिल्ह्यांत सामने होतात, विजयी संघ विभागाला जातो, आणि तेथून पुढे न गेलेला मुलगा दहावी-बारावीच्या तयारीला लागतो. महाराष्ट्रात व्यावसायिक फुटबॉलची खरी शिडी मुंबईत उभी आहे. मुंबईचा मराठी खेळाडू राहुल भेके त्या शिडीवरून सावकाश चढत गेला: मुंबई एफसी, ईस्ट बंगाल, पुणे सिटी असे संघ पालटीत तो बेंगळुरूला पोहोचला, आणि २०१९ च्या इंडियन सुपर लीगच्या अंतिम सामन्यात जादा वेळेत, गोव्याविरुद्धचा एकमेव व निर्णायक गोल बचावपटू असूनही त्याने डोक्याने मारला. भारताच्या संघात त्याला स्थान मिळाले ते त्यानंतर, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी. एप्रिल २०२२ मध्ये आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये इराकच्या हवाई दलाच्या संघाविरुद्ध मुंबई सिटीला विजय मिळवून देणारा गोलही त्याचाच, आणि त्या स्पर्धेतला तो कोणत्याही भारतीय क्लबचा पहिला विजय होता. उशिरा ओळखल्या गेलेल्या खेळाडूचे याहून ठळक उदाहरण मराठी फुटबॉलमध्ये सहसा सापडणार नाही. पण ती शिडी भेके यांच्या घरापासून लोकलच्या अंतरावर होती. इकडे विदर्भात विजय बारसे या नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजातील क्रीडाशिक्षकांनी २००१ साली झोपडपट्टीतल्या मुलांना एकत्र करून फुटबॉलचा जो उपक्रम आरंभला, आणि ज्यावर पुढे नागराज मंजुळे यांनी ‘झुंड’ हा चित्रपट काढला, त्याचे मोल शिडीच्या हिशेबात मोजणे बरोबर नाही; त्या मुलांना खेळाने माणसांत आणले, व्यावसायिक संघांत नव्हे.

तर मग घाटावरच्या बुलढाण्याने देशाला खेळाडू दिलाच नाही काय? दिला, पण तो चेंडूच्या खेळातून दिला नाही, आणि याला माझ्या मते सबळ कारण आहे.

२० मे २०२३ रोजी चीनमधील शांघाय येथे तिरंदाजीच्या विश्वचषक स्पर्धेत पुरुषांच्या कंपाउंड प्रकाराचा अंतिम सामना झाला. एका बाजूला नेदरलँड्सचा माइक श्लोसर, जगातील पहिल्या क्रमांकाचा धनुर्धर, ज्याला त्याच्या अचूकतेमुळे ‘मिस्टर परफेक्ट’ असे टोपणनाव पडले आहे. दुसऱ्या बाजूला बुलढाण्याचा १९ वर्षांचा प्रथमेश समाधान जावकर. कंपाउंड धनुष्य म्हणजे आपल्या डोळ्यांसमोरचे रामायणातले धनुष्य नव्हे. अमेरिकेतील मिसूरी राज्याच्या हॉलिस विल्बर ॲलन याने त्याचे पेटंट १९६९ साली मिळवले. त्याच्या दोन टोकांना विलक्षण आकाराच्या चकत्या बसविलेल्या असतात, आणि त्यांच्यामुळे दोरी पूर्ण ओढली गेली की हाताला पेलावा लागणारा भार एकाएकी उतरून मूळच्या चौथ्या-पाचव्या हिश्श्यावर येतो. नेम धरायला भिंग असते, दोरी बोटांनी न सोडता एका खटक्याने सुटते. इतकी साधने दिल्यावर कठीण काय उरले, असे वाटेल. उरते ते हे: लक्ष्य ५० मीटरांवर, त्यातले दहा गुणांचे वर्तुळ अवघ्या ८ सेंटिमीटर व्यासाचे, प्रत्येक बाणाला २० सेकंदे, आणि असे १५ बाण. यंत्राने हाताचा कंप पुष्कळसा घालवला आहे. मनाचा कंप घालवणारे यंत्र अद्याप निघालेले नाही.

तो सामना प्रथमेशने १४९ विरुद्ध १४८ असा जिंकला. याचा अर्थ, पंधरा बाणांपैकी चौदा दहाच्या वर्तुळात आणि एक नवाच्या. त्याच वर्षाच्या सप्टेंबरात मेक्सिकोतील हर्मोसियो येथे विश्वचषकाच्या अंतिम स्पर्धेत त्याने उपान्त्य फेरीत श्लोसरला पुन्हा एकदा हरवले. अंतिम सामन्यात डेन्मार्कच्या माथियस फुलर्टनशी १४८-१४८ अशी बरोबरी झाली. निर्णयासाठी सोडलेला एकेक बाणही दोघांनी दहातच रोवला, आणि फुलर्टनचा बाण केंद्राला अधिक जवळ, एवढ्यावर सुवर्णपदक त्याच्याकडे गेले. ५ ऑक्टोबर २०२३ रोजी हांगझोच्या आशियाई स्पर्धेत दक्षिण कोरियाला २३५-२३० असे नमवून पुरुषांच्या कंपाउंड संघाने सुवर्णपदक जिंकले. दिल्लीचे अनुभवी अभिषेक वर्मा यांच्या जोडीला त्या तिघांत नागपूरचा ओजस देवतळे होता आणि बुलढाण्याचा प्रथमेश होता. तिघांपैकी दोघे विदर्भाचे, हे त्या वेळी वर्तमानपत्रांच्या कोपऱ्यात छापून आले आणि विसरले गेले.

बुलढाण्यात ही विद्या आणली कोणी? पोलीस दलात नोकरी करणारे चंद्रकांत इलग यांनी तेथे मुलांना तिरंदाजीचे धडे दिले आणि प्रथमेश त्यांच्या हाताखाली तयार झाला. ज्या खात्याच्या भरतीसाठी जिल्ह्यातली मुले पहाटे धावतात, त्याच खात्यातला मनुष्य येथे गुरू व्हावा, यात मला योगायोगापेक्षा अधिक काही दिसते. लहान जिल्ह्यात मैदान, शिस्त, ठरलेली वेळ आणि वरिष्ठांची परवानगी या चार गोष्टी एकत्र मिळण्याचे ठिकाण बहुधा पोलीस कवायतीचे मैदान हेच असते. क्रीडासंकुलाची इमारत पुष्कळदा असते, पण तेथे रोज सकाळी उभा राहणारा मनुष्य असतोच असे नाही.

परंतु चांगला गुरू चेंडूच्या खेळातही मिळू शकला असता. मग तिरंदाजीतच का साधले? याचे कारण असे, की बाण आपले गुण स्वतः सांगतो. फुटबॉलच्या मैदानावर एखाद्या मुलाने किती बुद्धिमान धाव घेतली, मोकळी जागा कशी हेरली, हे समजण्यासाठी जाणत्या निवडकर्त्याला तेथे हजर असावे लागते, आणि निवडकर्ता देऊळगाव राजाला येत नाही. क्रिकेटमध्ये धावा आणि बळी यांचे आकडे असतात खरे, पण कोणत्या दर्जाच्या सामन्यातले हा प्रश्न त्यांना लगेच चिकटतो, आणि त्या दर्जाच्या सामन्यात शिरण्यासाठी पुन्हा दाखला लागतो. तिरंदाजीत ५० मीटर हे बुलढाण्यातही ५० मीटरच असतात आणि ८ सेंटिमीटरचे वर्तुळ शांघायलाही तेवढेच. निवड चाचणीच्या गुणपत्रकावर १५० पैकी १४८ असे मांडले गेले, की ते कोणाच्या शिफारशीने १४९ होत नाहीत आणि कोणाच्या आकसाने १४७ होत नाहीत. साबळेच्या घड्याळाचेही तेच. वजन, वेळ, अंतर आणि नेम मोजणारे खेळ लहान गावाला जवळचे का, याचे उत्तर मला इथे सापडते. ज्यांत माणसाला माणसाचे मोल ठरवावे लागते, ते खेळ मोठ्या शहरांच्या पदरी पडतात.

तथापि शिफारशीची जागा येथे दुसऱ्या एका गोष्टीने घेतलेली आहे, आणि ती म्हणजे पैसा. स्पर्धेच्या दर्जाचे कंपाउंड धनुष्य, बाण, भिंग आणि इतर सरंजाम मिळून खर्च दोन-तीन लाख रुपयांच्या घरात जातो. बाण मोडतात, हरवतात, लांबी-जाडी पालटावी लागते. आणि वाढत्या वयाच्या मुलाची ओढ वाढत जाते तसतसे धनुष्यही पुन्हा जुळवून घ्यावे लागते. बांबूच्या धनुष्यावर, ज्याला आपल्याकडे ‘इंडियन राउंड’चे धनुष्य म्हणतात, आरंभ स्वस्तात होतो; पण त्यावरून कंपाउंडवर जाण्याचा दिवस उजाडला की बाप सहकारी पतसंस्थेच्या पायऱ्या चढतो, किंवा मुलगा तेथेच थांबतो. ज्या खेळात खोटी शिफारस चालत नाही, त्या खेळात खऱ्या गुणालाही आधी पन्नास मीटरपर्यंत पोहोचण्याचे भाडे भरावे लागते, ही गोष्ट तिरंदाजीची स्तुती करताना कोणी फारशी बोलत नाही.

कंपाउंड प्रकाराला आजवर ऑलिंपिकमध्ये स्थान नव्हते. त्यामुळे जगज्जेतेपद मिळवूनही या धनुर्धरांची नावे सामान्य वाचकापर्यंत क्वचित पोहोचत. आता २०२८ च्या लॉस एंजलिस ऑलिंपिकसाठी कंपाउंडच्या मिश्र दुहेरी संघाची एकच स्पर्धा मंजूर झाली आहे. मिश्र संघ म्हणजे एक पुरुष आणि एक स्त्री. अर्थात भारतातून पुरुष धनुर्धराला मिळणारी जागा एकच. त्या जागेवर बर्लिनच्या जागतिक स्पर्धेत १५० पैकी १५० गुण मिळवून २०२३ साली जगज्जेता झालेला ओजस देवतळे हक्क सांगेल, अभिषेक वर्मा सांगतील, मागून येणारी नवी मुले सांगतील, आणि बुलढाण्याचा जावकरही सांगेल. निवड चाचणीत त्यांना ५० मीटरांवरून एकाच आकाराच्या वर्तुळावर बाण सोडावे लागतील, आणि ज्याची बेरीज अधिक भरेल तो जाईल.